घंटा झाली, पाणी प्या

४ मार्च

चि. ठमीस,
अ. आ.

तू प्रशिक्षणाला जाताना माझ्याकडे ठेवलेले तुझे लाटसाहेब दीड वर्षाचे आहेत, पण पाण्याचं नाव काढलं की उंट. तू दिलेले सात पेले ओट्यावर मिरवत बसलेत. सशाच्या पेल्यातलं पाणी सोफ्याने प्यायलं, बेडकाच्यातलं मी नेसलेल्या साडीने. पाण्यात फळांचे काप टाकायला सांगितलेस. त्याने काप खाल्ले आणि पाणी मला परत केलं. डॉक्टरीणबाई म्हणतात, शनिवारपर्यंत फरक पडला नाही तर तुला बोलावून घ्यावं. म्हणजे मी हरले म्हणायचं!

तुझी वैतागलेली,
आई

६ मार्च

ती. आईस,
सा. न. वि. वि.

शनिवारी प्रशिक्षण सोडून निघते. बढती गेली तर गेली. रागावू नकोस, पण तू स्वतः दिवसभरात किती पाणी पितेस गं? तुझ्या हातात चहाच्या कपाशिवाय काही पाहिल्याचं मला आठवत नाही. तो तुझंच बघून शिकतोय.

माया पातळ होऊ देऊ नकोस.
ठमी

८ मार्च

चि. आगाऊबाईस,
अ. आ. (कमीच.)

आमच्या कॉन्व्हेंटमध्ये सिस्टर घंटा वाजवत, तेव्हाच पाणी प्यायचं. मुख्याध्यापिका झाल्यावर मीही शाळेत तेच केलं. मध्येच कुणा मुलीला तहान लागली तर तो तिचा प्रश्न. तरी तुझं तोंड बंद करावं म्हणून निरोप समारंभात मिळालेली पितळी घंटा काढली, वाजवली आणि त्याच्यासमोर पेलाभर पाणी संपवलं. साहेबांनी लगेच आ केला!

पण आता घंटा त्याच्या ताब्यात आहे. दिवसातून अकरा वेळा वाजवतो आणि माझा पेला रिकामा होईपर्यंत समोरून हलत नाही. एवढ्या मुलींना शिस्त लावली, मला लावणारा हा पहिलाच. रात्री माझ्या पायात येणारे गोळेही काल आले नाहीत, हे मलाही ‘पाणी प्या’ म्हणणाऱ्या डॉक्टरीणबाईंना कळता कामा नये.

येऊ नकोस. प्रशिक्षणाची परीक्षा नीट दे.
आई

३० मार्च

ती. आईस,
सा. न. वि. वि.

बढती मिळाली! पण त्याला इकडे आणल्यापासून पुन्हा पाण्याला शिवत नाही. मी प्यायले तरी ढिम्म. नुसता हात हलवून घंटा मागतो. लगेच पाठव.

तुझी,
ठमी

२ एप्रिल

चि. ठमीस,
अ. आ.

बढतीबद्दल शाबास. घंटा मिळणार नाही. बाजारातून दुसरी आण आणि तू पी, त्याला पाज. ही माझी आहे.

मात्र ती वाजवणाऱ्याला दर शनिवारी इकडे पाठव. चार दिवस मी स्वतःच वाजवून पाहिली. माझं मी अजिबात ऐकत नाही. काल रात्री पुन्हा पायात गोळे आले.

तुझी तहानलेली,
आई