दुकान वाढवायचंय का?

आप्पा,

तुम्हाला जाऊन इतकी वर्षं झाली आणि मी आज लिहायला बसलोय, उशिराबद्दल रागावू नका. सातवीनंतर पेन हाताला लागला तो नाव-गाव लिहिण्यापुरताच, त्यामुळं लांब काही लिहायची भीती वाटते. त्यात माझा स्वभाव तुम्हाला ठाऊक आहे. कुलूप लावून चार पावलं गेलो की परत येऊन ते ओढून बघणारा माणूस मी. पण शुक्रवारच्या आत एक गोष्ट ठरवायची आहे आणि विचारावं असं दुसरं कुणी उरलं नाही.

पालिका आपली गल्ली सुधारणार आहे. लातूर चारी बाजूंनी पसरलं, गिऱ्हाईक मोठ्या दुकानांकडं गेलं, आणि गोलाई बाजारामागची आपली गल्ली दुपारी अशी पडून असते की कुत्रं रस्त्याच्या मधोमध झोपतं आणि त्याला कुणी उठवत नाही. आता म्हणे इथं गाड्या येऊ देणार नाहीत. सावलीला झाडं, बसायला बाक, आणि जे जुने धंदे अजून तग धरून आहेत त्यांना शेजारचे रिकामे गाळे जोडून देणार. नकाशा मी पाहिला, छान काढलाय. आपल्या दुकानासमोर त्यात चार माणसं उभी दाखवलीत. बैलांचा साज घ्यायला आता पोळ्याच्या आठवड्यातसुद्धा चार माणसं एकदम येत नाहीत. गावोगाव ट्रॅक्टर झालेत, त्यांना कुणी गोंडे बांधत नाही.

तुम्ही होता तेव्हा पोळ्याआधी जळकोटचे, निलंग्याचे लोक पहिल्या एसटीनं उतरायचे. खिशातून मापाच्या गाठी मारलेली सुतळी निघायची. एक गाठ बैलाच्या कपाळाची, एक मानेची. तुम्ही ती सुतळी बोटांवरून फिरवता आणि विचारता, "रंग कोणचा?"

"पांढरा हाय, आप्पा."

"आन् सभाव?"

"मारका हाय जरा."

"मंग घुंगरं कमी घे. आवाजानं अजून बिथरंल. बैलासाठी घ्यायलास का तुझ्या मिशीसाठी?"

गिऱ्हाईक हसतं, कमीच घेऊन जातं, आणि पुढच्या वर्षी गावातल्या आणखी दोघांना घेऊन येतं. हे गणित मला तेव्हाही कळलं नव्हतं. एकदा घुंगरं आणायला तुम्ही मला नांदेडला नेलंत. माल बांधून झाला तरी तुम्ही तिथल्या बाजारात हिंडतच होता. मी सारखा म्हणत होतो, आप्पा चला, गाडी चुकंल. तुम्ही एका दोरवाल्याच्या ओट्यावर बसून चहा मागवलात. म्हणालात, "कशाची घाई करायलास? गिऱ्हाईक आधी माल बघत न्हाई रे. बसाया जागा हाय का ते बघतंय." गाडी चुकलीच. आपल्या दारात दगडी बाक आला तो त्यानंतर. रस्ता रुंद झाला तेव्हा तो गेला.

आणि तो दिवस. माझं नवीन लग्न झालेलं. दिवेलागणीला घरी जायची ओढ, म्हणून फळ्या लावता लावता मी ओरडलो, "आप्पा, दुकान बंद करतो." तुम्ही उठलात, मी लावलेल्या चारही फळ्या एकेक करून काढल्यात, दिवा पुन्हा लावलात आणि मला गादीवर बसवलंत.  मग म्हणालात, "नारळ फोडतो का आपण?"

"न्हाई. वाढवतो."

"बांगडी फुटती का?"

"वाढती."

"आन् दुकान बंद होतं व्हय?"

"चुकलो, आप्पा. वाढवतो."

"हां. आता वाढव."

घरी पोचलो तेव्हा भाकरी गार आणि बायको गरम. त्या दिवसापासून दुकानाच्या बाबतीत तो शब्द माझ्या तोंडून निघालेला नाही.

तर मागल्या आठवड्यात सोमवारी पालिकेकडून एक मुलगी आली. हातात नकाशा, बोलणं पुण्याकडचं, वागायला गुणी. दारात उभी राहून म्हणाली, "काका, दुकान वाढवायचंय का?" सकाळचे अकरा वाजलेले.  म्हणालो, "ताई, हे माझ्या बापाचं दुकान हाय. मी हाय तवर वाढवायचं न्हाई." परवा यादी लागली, त्यात आपलं दुकान 'इच्छुक नाही' या रकान्यात.

तुमचे दोस्त बांगडीवाले चाचा गेले, त्यांच्या जागी आता त्यांचा मुलगा बसतो, माझ्याच वयाचा. यादी वाचून तोच धावत आला. "क्या रे, शेजारचा गाळा सोडलास व्हय?" मी घडलं ते सांगितलं तर त्याला हसून ठसका लागला. "आरं बाबा, ती मोठं करायचं का इचारायली, आन् तू कुलूप समजलास. जा की तिच्याकडं. बोलीचा घोळ झाला म्हण. शुक्रवारपोतर यादी दुरुस्त करायलेत." दोन दिवस झाले, सगळी गल्ली हा किस्सा माझ्याकडून सांगून घेते. येणारा-जाणारा विचारतो, "काय काका, आज कितीला वाढवायलाव?" मीही हसतो.

पण तुम्हाला खोटं कसं लिहू? ती मुलगी लगेच गेली नव्हती. माझा चेहरा बघून तिनं नकाशा माझ्याकडं फिरवला, शेजारच्या गाळ्यावर बोट ठेवलं आणि सावकाश म्हणाली, "काका, म्हणजे मोठं करायचं का? तुम्ही इथं बसून गोंडे बांधाल, लोक बघायला येतील." मला नीट कळलं होतं. कळल्यावर मी दुसऱ्यांदा नाही म्हणालो. आज कुणी आलं नाही तर मला गल्लीला दोष देता येतो. झाडं आली, बाक आले, गाळा मोठा झाला आणि तरीही कुणी आलं नाही, तर मग दोष कुणाचा? हात आता थरथरतात, गोंडा एका बाजूला कलतो. लोक बघायला येतील ते हेच का, असं वाटलं.

हे चाचांच्या मुलाला सांगितलेलं नाही. हा कागद कुठं टाकायचा तेही कळत नाही, सध्या गादीखाली ठेवतोय. आज बुधवार आहे. जाऊन तिला होय म्हणू का, एवढंच सांगा. शुक्रवारच्या आत, जमेल तसा, पण निरोप धाडा.