साहेबांची आखणी

३ मार्च
आले बाई एकदाची! शाळेच्या पुस्तकात जिचं चित्र होतं, त्याच इमारतीत राहायला मिळेल असं स्वप्नातही नव्हतं. पांढरीशुभ्र, लाटेसारखी वळलेली. ती बांधणारे वास्तुविशारद अजून इथेच, सर्वांत वरच्या मजल्यावर राहतात. त्यांची शुश्रूषा हे माझं काम. नव्वदी ओलांडली आहे. बायको फार पूर्वी सोडून गेली म्हणे. मुलगी रोज येऊन जाते. तिचेही केस पांढरे झालेत. तिला मी ताई म्हणते, त्यांना साहेब. खोली झकास आहे, पलंग तर माझ्या घरच्यापेक्षा मऊ.

६ मार्च
साहेब गोड माणूस. सूप पाजताना जुन्या गमती सांगून हसवतात. एकच खोड आहे. चाकाच्या खुर्चीतून काठीला बांधलेल्या खडूने फरशीवर रेघा मारत फिरतात. नव्या भिंतीची आखणी म्हणे! ताईने बजावलंय, रेघ दिसली की लगेच पुसायची. मी हसले. ती हसली नाही.

११ मार्च
काल साहेबांना ताप होता. धावपळीत स्वयंपाकघरातली रेघ पुसायची राहिली. आज तिथे भिंत आहे. नवी नव्हे, जुनी, रंग उडालेली, खिळ्यांच्या खुणांसकट. काल मी तिथूनच पाणी नेलं होतं. ताईला फोन केला.  ती म्हणाली, "माझी आई कुठे गेली असं वाटतं तुम्हाला?" आईने जायला बॅग भरली होती. ताई शाळेतून आली तेव्हा घरात एक खोली कमी होती.

१३ मार्च
खाली उतरून वर पाहिलं. आमच्या मजल्यावर एक खिडकी जास्त आहे. आतून तिला खोलीच नाही. पहारेकरी म्हणाला, तिथला पडदा कधीकधी हलतो, आम्ही तिकडे बघत नाही. वर येऊन माझ्या पलंगामागच्या भिंतीला कान लावला. पलीकडे कुणीतरी खरवडतंय. सावकाश, सवयीने, भांडं घासावं तसं.

१४ मार्च
ताईला सांगितलं, दुसरी बाई बघा. तिने उद्या दुपारपर्यंत थांबायची गळ घातली. मी हो म्हटलं, म्हाताऱ्याला एकटं कसं टाकू? साहेबांनी ऐकलं होतं. रागावले नाहीत. माझा हात थोपटत म्हणाले, "घर अपुरं पडतं गं पोरी, म्हणून जावंसं वाटतं. बघतो मी."

१५ मार्च
दुपारी जरा डोळा लागला. उठले तर पलंगाभोवती रेघ. सगळीकडून. ओल्या फडक्याने पुसतेय, जात नाही— नखांनी—

दार होतं तिथे भिंत. रंग उडालेली. जणू मी जन्मायच्या आधीपासून—

खिडकी जाम. काच फुटत नाही.

ताई आली. आवाज येतोय. जीव तोडून हाका मारल्या. ती बोलता बोलता थांबली. ऐकलं तिने, नक्की ऐकलं. मग बादली सरकली. ती फरशी पुसतेय. बाकीच्या रेघा—

मागचं खरवडणं थांबलं. बाईचा आवाज, अगदी कानाशी. विचारतेय, पोरगी शाळेतून आली का. काय सांगू— आली म्हटलं, बाहेर आहे, पण ती आपल्याला—