झाडीबोलीत डब केलेली आगगाडी

२८ ऑक्टोबर, सकाळी

आजपासून रोजनिशी. मोठं काम हाती घेणाऱ्या माणसाने नोंद ठेवली पाहिजे. वाचायला कोणी नाही, त्यामुळे खरं तेच लिहीन.

मुलचेऱ्याकडच्या बेलटोल्याहून इसरूचा फोन. तिथल्या मंडई कमिटीचा, म्हणजे दिवाळीनंतरच्या जत्रेच्या कमिटीचा, तो अध्यक्ष. रात्री नाटक ठरलेलंच आहे. पण त्याआधी, दिवेलागणीला, लेकराबाळांसाठी 'तो' सिनेमा दाखवा म्हणतो. तो म्हणजे आमचा कार्टूनचा. परदेशी, रंगीत, तुकड्यातुकड्यांचा. एक गोष्ट संपली की दुसरी, आणि प्रत्येक गोष्ट गाण्यातूनच. बेडकांची वरात, चांदण्या झाडून काढणारी म्हातारी, झोप न येणारं अस्वल, आणि शेवटी शिट्टी हरवलेली आगगाडी. ऐन उमेदीत मी हा सिनेमा घेऊन सगळा मुलूख हिंडलो. मी मशीनवर, अयूब जनरेटरवर, आणि माझी बायको गोकुळा पार पुढे पडद्यापाशी. पोरं पडद्याला हात लावायची, म्हणून राखणीला.

फोन ठेवता ठेवता इसरू म्हणाला, पडदा तोच आणा, बाईनं शिवलेला. गोकुळाला जाऊन हे तिसरं वर्ष. लोकांना पडदासुद्धा आठवतो म्हणजे शोची क्वालिटी काय असेल.

२९ ऑक्टोबर

अयूबच्या दुकानात गेलो. हल्ली मिक्सर आणि पंखे दुरुस्त करतो. बातमी सांगितली. खूश व्हायला पाहिजे होता, तो चहा ढवळत बसला. मी त्याला बेलटोल्याच्याच त्या पहिल्या संध्याकाळची आठवण करून दिली. सिनेमा सुरू आणि आवाज गप्प. गाव उठायला लागलं. मी अँप्लिफायरला एक ठोसा घातला, नेमक्या जागी, आणि पुढून गाणं सुरू. नंतर कित्येक हिवाळे तो डबा चालला. कुरकुरला की ठोसा. मशीन माझ्या डाव्या कानाशी कायम घरघरत असायचं, तरी आवाज गेला की मला बरोबर समजायचं. साउंडचा माणूस म्हणायचे मला, ते उगीच नाही.

अयूब म्हणाला, चहा थंडा होऊन राह्यला भाऊ.

म्हातारपणी माणसाला दुसऱ्याचं यश सोसत नाही. संकल्प: तोच अँप्लिफायर वापरायचा. माळ्यावर आहे.

२ नोव्हेंबर

मुलीने, पायलने, चंद्रपूरहून पेनड्राइव्हवर सिनेमा पाठवला. जावयाने इंटरनेटवर शोधला. चित्रं बरोबर. गाणी साफ चुकीची. बेडकांच्या वरातीला कोणी साहेब इंग्रजीत गातो. अस्वलाला नुसती व्हायोलिनं. आगगाडीच्या वेळी बायकांचा घोळका गातो, एक अक्षर कळेल तर शपथ.

डुप्लिकेट माल. आमच्या प्रतीत आगगाडी स्वच्छ म्हणायची:

शिटी माही सांडली वं मोहाच्या रानात,
आयकू आली कोनाले तं बांधा पदरात.

त्या काळचे डबिंगवाले काय मेहनत घ्यायचे! नुसतं मराठी नाही, आमच्या इकडची झाडीबोली. गोकुळाला तर सगळी गाणी पाठ झाली होती, चुलीपाशीही तीच. मी म्हणायचो, सिनेमा डोक्यात शिरला तुझ्या. ती फुंकणीमागे हसायची.

पायलला फोन लावून तक्रार केली. मग विचारते, बाबा, तिकडे बर्फात मोहाची झाडं असतात काय. असतील. मी काही गेलेलो नाही. वर म्हणाली, कान दाखवून घ्या एकदा. हलवायाला विचारावं, साखर ओळखता येते का, त्यातला प्रकार.

५ नोव्हेंबर

सिनेमा बनवणाऱ्या कंपनीला ईमेल केला. झाडीबोली आवृत्तीची प्रत त्वरित पाठवावी, मंडई जवळ आली आहे.

९ नोव्हेंबर, संध्याकाळी

गोकुळाने शिवलेला पडदा बैठकीत टांगला. चार धोतरांचा, खाली डाव्या कोपऱ्यात ठिगळ. अजून पांढरा. भाड्याचा प्रोजेक्टर लावला. आवाज बंद ठेवून सिनेमा पाहिला. चुकीची गाणी कानी पडत राहिली तर बरोबरची विसरतील.

आगगाडी डोंगराच्या वळणाला आली आणि शिट्टी वाजली. लांब, बारीक, शेवटी जराशी वर चढलेली. डाव्या अंगाने.

वडशात राहतो मी. स्टेशन हाकेवर. बल्लारशाची पॅसेंजर. वेळ जुळली एवढंच. तरी नोंद असावी.

११ नोव्हेंबर

पुन्हा वाजली. बरोबर त्याच वळणाला.

स्टेशनवर जाऊन चौकशी केली. त्या वेळेला गाडी नाही म्हणतात. मालगाडी असेल. रेल्वेवाले सगळं सांगत नाहीत.

१५ नोव्हेंबर

अँप्लिफायर अयूबकडे नेला. त्याने स्क्रू काढून झाकण उघडलं. आत सगळं जळून काळं. मी म्हणालो, उंदरांनी खाल्लं. तो म्हणाला, उंदीर जाळत नाई भाऊ, हे लय जुनं जळलेलं आहे. मग उगीचच झाकण लावलं, वरून फडकं फिरवलं आणि माझ्या हातात दिला, कोणाचं लेकरू परत करावं तसा.

उपाय: नवा स्पीकर भाड्याने. ठोसा माझा, डबा कोणाचाही चालतो.

१९ नोव्हेंबर, संध्याकाळी

आज गाणंही ऐकू आलं. सगळं नाही. पदरापर्यंतच.

शेजारच्यांचा ब्लूटूथ घुसत असणार. त्यांना जाऊन सांगितलं. ते म्हणाले, आमच्याकडे ब्लूटूथ नाही. खोटं बोलताना माणूस एवढा शांत कसा राहतो कळत नाही.

पडद्याचा ठिगळाचा कोपरा तेवढा हलतो. पंखा बंद. तिथे कोणी मांडी घालून बसलं की पडदा गुडघ्याला लागून जसा हलेल, तसा. उंदीर. औषध आणलं.

मी भूतबीत मानत नाही. गोकुळा मानायची. पण मी मानत नाही हे तिला पक्कं ठाऊक आहे, त्यामुळे ती असलं काही करणार नाही.

२२ नोव्हेंबर

उंदराचं औषध फेकून दिलं. कोणाला बाधू नये.

२४ नोव्हेंबर

कंपनीचं उत्तर आलं. पायलकडून वाचून घेतलं. फार अदबीने लिहिलंय की या सिनेमाचं कोणत्याही भारतीय भाषेत डबिंग कधी झालेलंच नाही. नवी पोरं भरलीत, जुनं रेकॉर्ड कोणाला माहीत.

पायलला म्हणालो, तू लहान होतीस, तुलाही आठवत असेल. ती म्हणाली, आठवते ना बाबा. मग एवढंच: आईनं मले शपथ घातली आहे. कसली, ते सांगेना. मीही विचारलं नाही. मायलेकींच्या भानगडीत पडू नये.

२७ नोव्हेंबर

आज शिट्टी वाजली नाही. सिनेमा दोनदा लावला. उंदीर गेले वाटतं.

जेवण गेलं नाही. खिचडी करपली होती, म्हणून.

२८ नोव्हेंबर

वाजली. बरं वाटलं. म्हणजे, मालगाड्या नियमित चालू आहेत हे देशाच्या दृष्टीने बरं.

६ डिसेंबर, बेलटोला

अयूबच्या छोटा हत्ती टेंपोतून आलो. रस्त्याने लाल धूळ. गावात पाळणे, जिलेबी, कोंबड्या, सगळी मंडई भरलेली. इसरूने हार घातला. पडदा बांधायला बायकाच पुढे आल्या, मला हात लावू देईनात. बांधून झाला तेव्हा एकेकीने ठिगळावरून हात फिरवला. सिनेमाबद्दल इतका आदर शहरात नाही.

एक गोष्ट खटकली. पोरं बसली, बायका बसल्या, पण ठिगळाच्या कोपऱ्यापाशी माणूसभर जागा सगळ्यांनी सोडली. मी म्हटलं, सरका पुढे. कोणी सरकेना. गावातली सगळ्यात जुनी बाई बुधरी, गोकुळाची तिथली मैत्रीण. ती काठी टेकत आली आणि त्या जागेवर पाण्याचा तांब्या आणि गुळाचा खडा ठेवून गेली. पाहुण्याची चाड असावी तर अशी. मी गूळ खाल्ला, पाणी प्यालो. सगळं गाव माझ्याकडे पाहत होतं. लाजलो थोडा.

आता सुरू करतो. हात शिवशिवतोय.

७ डिसेंबर, सकाळी

काय संध्याकाळ!

सुरुवात वाईट. इंग्रजी गाणी लागली तशी कुजबुज. हा तो सिनेमा नाई, असं एक म्हातारा मोठ्याने म्हणाला. पोरांनी मोबाईल काढले. बेडकांची वरात कोणी पाहिली नाही, म्हातारीने चांदण्या कोणासाठी झाडल्या देव जाणे. अस्वलाच्या वेळी माणसं उठून पाळण्याकडे जायला लागली. माझ्या तोंडचं पाणी पळालं. आणि आगगाडी सुरू होते न होते तोच स्पीकर बंद. अयूब तिथेच उभा होता, त्याने काही केलं असेल असं मी म्हणत नाही.

सगळं चूप. चित्र चालू. बर्फातून गाडी येतेय. अगदी तीच जुनी संध्याकाळ. मी शांतपणे स्पीकरपाशी गेलो, जागा हेरली आणि ठोसा घातला.

पुढून आवाज आला. आमच्या प्रतीचा! शिटी माही सांडली वं मोहाच्या रानात. आधी एक जाड, थरथरता आवाज, मग दोन, मग सगळ्या मैदानाचा. पाळण्याकडे गेलेले पळत आले. वळणाला शिट्टीसुद्धा वाजली. लांब, बारीक, शेवटी वर चढलेली. तिथे रेल्वे नाही, पण सूरजागडच्या खाणीचे ट्रक या बाजूला येत असतील. त्यांचे हॉर्न हल्ली कसलेही असतात.

अयूब रडत होता. धूळ फार आहे.

संकल्प: सर्व तालुक्यांत दौरा. ठोशाचं प्रात्यक्षिक स्वतंत्र ठेवावं का, विचार करणे.

७ डिसेंबर, दुपारी

निघण्याआधी बुधरीच्या अंगणात गेलो, गुळाबद्दल आभार मानायला. म्हणालो, त्या काळचं डबिंगच तसं होतं, अजून तुमच्या तोंडी आहे. तिने काठी भिंतीला टेकवली. मग म्हणाली, आता ते बाईच राह्यली नाई, तं शपथ तरी कोनाची पाळू.

"मशीन तं पयल्या दिसापासून मुकीच होती भाऊ. पडद्यापाशी बसून गोकुळाबाईच म्हणे सारं. बेंडकं तेच, अस्वल तेच, शिटीबी तेच. गाणेबी तिचेच. गूळ तिच्या गळ्यासाठी ठेवत होतो आमी."

मी विचारलं, मला का नाही सांगितलं.

"बाई म्हणे, ठोसा मारल्यावर त्याईचं तोंड पाहा, अन् मंग सांगाची हिंमत होते का पाहा."

अयूबला विचारलं. त्याने कालचा स्पीकर दाखवला. प्लग काढलेला होता, अजून तसाच.

७ डिसेंबर, गाडीत

काही लिहायचं नाही.

एवढंच की शेवटच्या टोकाच्या गावापर्यंत सगळ्या मुलखाने तिचं गाणं ऐकलं. बाया, पोरं, अयूब, पायल. मी मागे मशीनपाशी उभा राहून घरघर ऐकत होतो आणि स्वतःचीच पाठ थोपटत होतो. चुलीपाशी म्हणायची तेव्हा मी म्हणालो, सिनेमा डोक्यात शिरला तुझ्या. कुठे टेप नाही, मोबाईल नव्हतेच. त्या बाईचा आवाज कुठेच ठेवलेला नाही. तिचा गूळही मीच खाल्ला.

१८ डिसेंबर, ब्रह्मपुरी

पायल घेऊन आली, कानाच्या डॉक्टरकडे. आता नाही म्हणायला तोंड नव्हतं. काचेच्या खोलीत बसवलं, आवाज आला की बटण दाबा म्हणाले. मी मन लावून दाबलं.

डॉक्टर फार सभ्य माणूस. कागद समोर ठेवून समजावलं. उजवा कान अर्धा गेलाय, मशीन लावून भागेल. डावा पूर्ण गेलाय. पूर्ण म्हणजे काहीच नाही. विचारलं, फार वर्षं मोठ्या आवाजाशेजारी काम केलंत का? केलं. मग हा कान तेव्हापासूनच जात राहिला असणार, म्हणाले, यातून तुम्हाला कित्येक वर्षांत काही ऐकू आलेलं नाही.

मी वाद घातला नाही. घालायची सवय आहे, पण नाही घातला. काल संध्याकाळीच, पडद्यावर आगगाडी वळणाला आली तेव्हा, ऐकू आलं होतं. डावीकडूनच.

पायल म्हणाली, बाबा, दोन्ही कानांना मशीन घेऊन टाकू, थोडाफार फरक पडला तर पडला. मी उजव्याला हो म्हणालो. डाव्याला काही घालू नका म्हटलं. तो चालू आहे.