ज्यानं गोळीबार थांबवला होता

ताडकळस,
मंगळवार

प्रिय लिंबाजी,

तुझा फोन लागत नाही, म्हणून पत्र लिहितो आहे. पलटणीत असताना मी घरी पत्र लिहायला बसलो की तू म्हणायचास, "बन्सी, तुला मुद्द्यावर यायला लय टाइम लागतो." आजही लागेल, पण सावकाश वाच. पेडगावला येऊन समोर बसूनही बोलता आलं असतं. पण मी आलो की तू चहा मागवतोस, विषय सोयाबीनच्या भावावर नेतोस आणि मीही तुझ्यामागं जातो. कागदाला चहा पाजता येत नाही.

इकडं सगळं ठीक आहे. तूर फुलावर आली आहे. तुझ्या राजेश्रीवहिनीचा गुडघा थंडीनं जरा कुरकुरतो, तरी शेताकडं जायचं सोडत नाही. मी परदेशी जाऊन आलो हे गावात सगळ्यांना कळलं, कशासाठी ते मात्र कुणालाच नीट कळलं नाही. बाजारात किशनरावांनी चारचौघांत विचारलं, "सुभेदार, खटला तुमच्यावर हाय का?" मी म्हणालो, "न्हाई हो, साक्ष द्यायला गेल्तो." तर म्हणाले, "एवढ्या लांब? परभणीच्या कोर्टात देता येत न्हाई का?" मला हसू आलं. पण नंतर वाटलं, प्रश्न बरोबर आहे. कुठल्या देशातला गुन्हा, कुठल्या देशातलं कोर्ट, आणि साक्षीदार ताडकळसचा.

हेगला लय थंडी होती. ते आंतरराष्ट्रीय कोर्ट म्हणजे आपल्याकडच्यासारखी गर्दी नाही, ओरडा नाही. सगळं स्वच्छ आणि शांत. कानाला हेडफोन लावायचा, त्यात एक बाई हिंदीतून सांगायची. समोर तीन न्यायाधीश. आणि डाव्या हाताला, वकिलांच्या मागं, आरोपीच्या जागी, तो बसला होता. कर्नल मुतेबा. म्हातारा झाला आहे, लिंबाजी. केस पांढरे, डोळ्यांवर चष्मा, अंगात चांगला सूट. वाटेत भेटला असता तर मी ओळखलं नसतं. पण त्यानं पाणी प्यायला हात पुढं केला आणि मी ओळखलं.

माझी साक्ष उघड कोर्टात झाली, त्यामुळं ती तुला सांगायला हरकत नाही. शांतिसेनेत असताना त्या दिवशी तू ॲम्ब्युलन्सच्या आत पडला होतास, पोटाला पट्टी, तिच्यातून रक्त झिरपत होतं. बाहेर काय चाललं होतं ते तुला दिसलं नाही आणि तूही कधी विचारलं नाहीस. पुलाच्या या बाजूला आपण होतो आणि पलीकडं बाजार. बाजारावर तिन्ही बाजूंनी गोळीबार चालू होता आणि आपल्याला दवाखान्याकडं जायला दुसरा रस्ता नव्हता. आपल्या दोन गाड्या, मोजकी माणसं. रेडिओवरून हुकूम आला होता, जखमीला पोचवा. पुलाच्या तोंडाशी हा मुतेबा जीपला टेकून उभा होता. त्याच्या हातात बंदूकसुद्धा नव्हती. मी खाली उतरलो, सलाम केला, आत जखमी जवान आहे म्हणून सांगितलं. त्यानं काचेतून तुझ्याकडं बघितलं. मग रस्त्याच्या मधोमध जाऊन हात वर केला.

सगळं थांबलं. डाव्या टेकाडावरचे थांबले, गोदामाच्या छपरावरचे थांबले, नदीकाठचेही थांबले. एवढी शांतता झाली की बाजारातून माणसांचं कण्हणं ऐकू यायला लागलं. मी फौजेत एवढी वर्षं काढली, पण एका हाताचा असा हुकूम चाललेला कधी पाहिला नाही. त्यानं ॲम्ब्युलन्सचं मागचं दार उघडलं, तुझ्या उशाशी पाण्याची बाटली ठेवली आणि तिथंच दाराला टेकून वायरलेस सेटवर काहीतरी बोलला. मग दार लावलं आणि आपल्याला जाऊ दिलं. वळण पार करून आपण पुढं गेलो आणि मागं पुन्हा सुरू झालं.

सव्वीस जानेवारीला शाळेत तू ती पाण्याच्या बाटलीची गोष्ट सांगतोस, ती मी पहिल्या रांगेत बसून ऐकली आहे. परक्या देशातल्या एका अफसरानं आपला जीव कसा वाचवला ते. त्यात काही खोटं नाही. तो हात वर झाला नसता तर तू पेडगावला परत आला नसतास, बबितावहिनींचं कुंकू राहिलं नसतं. तुझ्या मनात त्याच्याबद्दल काय आहे ते मला माहीत आहे. माझ्याही मनात थोडं आहे. तुला धडधाकट बघतो तेव्हा त्याची आठवण येतेच.

पण मला रोझाही आठवते. कॅम्पच्या फाटकाशी केळी विकणारी. तिकडं आईला 'मामा' म्हणतात आणि तू तिला 'मामा रोझा' म्हणायला लागलास तेव्हा आपली अख्खी तुकडी हसली होती. तिच्याकडून तू त्यांची भाषा शिकलास. आम्हाला कुणाला आली नाही, तू मात्र सहा महिन्यांत तिच्याशी भांडण करून केळी स्वस्त घ्यायला लागलास. त्या दिवशी बाजाराचा दिवस होता, आणि तीही केळी घेऊन पुलापलीकडं गेली होती. शाळेतल्या भाषणात तू तिचं नाव घेत नाहीस. का घेत नाहीस ते मी कधी विचारलं नाही.

कोर्टात मुतेबाच्या वकिलाचं म्हणणं असं की ती माणसं त्याची नव्हतीच. आसपासची दारू प्यायलेली टोळकी, कुणाचं न ऐकणारी, त्याचा त्यांच्यावर ताबा नव्हता. तो तिथं योगायोगानं होता. मी हाताची गोष्ट सांगितली. सरकारी बाजूच्या वकीलबाईंनी एवढंच विचारलं, "ताबा नव्हता, तर ते थांबले कसे?" त्याचं उत्तर मला द्यायचं नव्हतं, तो प्रश्न सगळ्यांसाठी होता.

पण त्याचा वकील हुशार. अदबीनं म्हणाला, "सुभेदारसाहेब, म्हणजे माझ्या अशिलानं गोळीबार थांबवला, हे तुम्ही डोळ्यांनी पाहिलं." मी म्हणालो, हो. "पुन्हा सुरू कुणी केला, ते पाहिलंत?" मी म्हणालो, नाही. तो खाली बसला. लिंबाजी, त्या क्षणी मला जाणवलं की माझ्याजवळ अर्धीच गोष्ट आहे. आणि त्या अर्ध्या गोष्टीत तो माणूस देवासारखा दिसतो.

रात्री हॉटेलात मी गावातल्या जुन्या बोलण्याचा विचार करत होतो. आपण परत आलो तेव्हा गावात सगळे म्हणायचे, "तिकडचे लोकच तसले." मीही मान हलवायचो. पण रोझाही तिकडचीच होती आणि मुतेबाच्याच जातकुळीची होती, तूच मला सांगितलं होतंस. त्या कोर्टात कुठल्या देशाला उभं केलेलं नाही, कुठल्या जमातीला नाही. एक माणूस, त्याच्या नावानं, आईबापाच्या नावानिशी, त्यानं काय केलं आणि त्याच्या हातात असताना काय केलं नाही, एवढंच विचारतात. ज्याच्या शब्दावर बंदुका थांबतात आणि चालतात, त्यानं स्वतः बंदूक धरली नाही म्हणून तो सुटत नाही. मला ते पटलं. एका माणसाची जबाबदारी ठरली नाही तर ती सगळ्या मुलखाच्या डोक्यावर बसते, आणि मग त्या मुलखातली पोरंबाळं ती पिढ्यान्‌पिढ्या वाहतात.

बबितावहिनींचा परवा फोन आला होता. म्हणाल्या, "भाऊजी, तुमी तिकडं गेल्यापासून ह्यांनी फोन बंद करून ठेवलाय. जेवायलेत, पण ध्यान न्हाई. काय झालंय ते सांगत न्हाईत." मी म्हणालो, वहिनी, मी लिहितो त्याला. त्यांना तुझ्याकडूनच कळू दे.

आता मुद्दा. दुसऱ्या दिवशी मधल्या न्यायाधीशबाईंनी स्वतः मला विचारलं, दाराशी उभा राहून तो सेटवर काय बोलला? मी म्हणालो, मला ती भाषा येत नाही. त्यांनी विचारलं, ती येणारं कुणी जवळ होतं का? मी शपथ घेतली होती, लिंबाजी. मी पाणी प्यालो आणि तुझं नाव सांगितलं. दवाखान्यात शुद्धीवर आल्यावर तू मला एकदाच, माझा हात धरून, तो सेटवर काय बोलला ते सांगितलं होतंस, ते मी विसरलेलो नाही. माझ्या गोष्टीचा उरलेला अर्धा भाग त्याच शब्दांत आहे, पण ते मी इथं लिहीत नाही. ते तुझ्याच तोंडून यायला हवेत, आणि तुला आता आठवत नसतील तर तेही तसंच सांगायला हवं. पुढच्या महिन्यात कोर्टाची दोन माणसं परभणीला येतील आणि तुला भेटायला बघतील. जबरदस्ती नाही. तू नको म्हणालास तर ते चहा पिऊन परत जातील, आणि आपल्यात काही बदलणार नाही. पण तुझं नाव मी घेतलं हे तुला परक्या माणसाकडून कळू नये, म्हणून हे पत्र. त्यानं तुझा जीव वाचवला हेही कोर्टात सांग, ते लपवायचं कारण नाही. हो म्हणालास तर मी तुझ्यासोबत हेगला येतो, माझ्या खर्चानं. साक्षीच्या खोलीत एकट्यालाच जावं लागतं. बाहेर पॅसेजमध्ये एक लाकडी बाक आहे. तू आत असशील तोवर मी त्या बाकावर बसून राहीन.

तुझाच,
बन्सीधर