रस्ता ओलांडलेलं दुकान

अब्बा,

आपला रस्ता आता एकाच विभागात आला आहे. नव्या कार्यालयाच्या खिडकीवरच्या माणसाने परवा धाकट्याला तसं तोंडी सांगितलं, आणि काल दुपारी मी स्वतः फोन करून खात्री करून घेतली. एकाच माणसाच्या सांगण्यावर मी काही लिहीत नाही; इतकी वर्षं बातम्या करून ही सवय हाडात गेली आहे. फोनवरच्या बाईंनी दुकानाचा पत्ता विचारला, तो नकाशावर शोधला आणि म्हणाल्या की दोन्ही बाजू आमच्याकडेच. मी पुन्हा विचारलं, दोन्ही? त्या हसल्या. "दोन्ही, भाऊ. मध्ये फक्त रस्ता आहे, हद्द नाही."

कामगारांसाठी निघणाऱ्या आमच्या बातमीपत्रात मी हे सगळं हिंदीत लिहून दिलं आहे. रियाध आजवर अनेक बलदियांमध्ये वाटलेलं होतं. बलदिया म्हणजे पालिकेचं स्थानिक ऑफिस, आपल्याकडच्या मोठ्या शहरातल्या वॉर्ड ऑफिससारखं. प्रत्येकीची हद्द वेगळी, शिक्का वेगळा, तपासनीस वेगळे. आता त्या सगळ्या मिळून पाच विभाग झाले आहेत, उत्तर, दक्षिण, पूर्व, पश्चिम आणि मधला. दुकानाचा परवाना, नाल्या, पदपथ, बांधकाम, जे काही असेल ते त्या विभागाकडे. शेवटी नेहमीची ओळ टाकली, की आपलं दुकान कोणत्या विभागात येतं ते एकदा तपासून घ्या. अर्ध्या तासात बातमी झाली. लिहिताना हात कुठे थांबला नाही. थांबला तो घरी आल्यावर, चपला काढताना. ही बातमी जिला कळायला हवी होती ती व्यक्ती वाचकांत नाही, हे तेव्हा लक्षात आलं. आज जुम्मा, सुट्टी आहे, म्हणून बसलो आहे.

तुम्हाला तो रस्ता आठवत असेलच. डावीकडची दुकानं एका बलदियाची, उजवीकडची दुसरीची. तपासनिसाची गाडी वळणावर दिसली की कोणीतरी शीळ घालायचा आणि "बलदिया आली" म्हणून पदपथावरचे खोके, पाट्या, खुर्च्या भराभर आत जायच्या. पण फक्त त्या एका बाजूच्या. समोरच्या बाजूचे लोक चहाचे पेले घेऊन आपापल्या दारात टेकून उभे राहायचे आणि बघायचे. केरळचा तो फळवाला तर ओरडून सल्ले द्यायचा, ती पेटी राहिली, ती झाडू राहिली. दुसऱ्या आठवड्यात त्याच्या बाजूची गाडी आली की तुम्ही इस्त्री बाजूला ठेवून मुद्दाम बाहेर यायचात. तुम्हाला इतकं मनापासून हसताना मी रियाधमध्ये तेवढंच पाहिलं आहे.

ज्या वर्षी जुनी इमारत पाडायची ठरली त्या वर्षी आपण लाँड्री समोर हलवली. मी तेव्हा नुकताच इथे आलेलो, एका भाषांतराच्या कार्यालयात लागलेलो. धाकटा तुमच्याबरोबर दुकानात. जुम्म्याची सकाळ, रस्ता रिकामा. आधी यंत्रं नेली, मग इस्त्रीचे ओटे, आणि शेवटी चाकांच्या दांड्यांवर लटकवलेले गिऱ्हाइकांचे थोब. पांढऱ्या, पायघोळ झग्यांची ती रांग आपण तिघांनी ढकलत रस्त्यापलीकडे नेतो आहोत, मध्येच एक गाडी थांबते, आतला माणूस काच खाली करून सलाम करतो, आणि तुम्ही त्याला थोब चढवायला बोलावत असल्यासारखा हात करता. जुन्या भिंतीवरचा परवाना तुम्ही चौकटीसकट काढलात, खिळाही काढलात, आणि नव्या भिंतीवर त्याच खिळ्याने लावलात. आपला कफील, म्हणजे आपला सौदी जामीनदार, आला; त्याच्याच नावावर दुकान होतं. त्याने मुबारक म्हणून चहा घेतला आणि गेला. त्याच्याही डोक्यात काही आलं नाही. गावाकडे आपलं घर पाणंदीच्या अलीकडून पलीकडे गेलं तेव्हा कोणी कोणाला विचारलं होतं? परवाना धंद्याचा असतो, माणसाचा असतो, तो भिंतीचाही असतो हे आपल्यातल्या कोणाला सुचणार होतं.

ईद तोंडावर आली तेव्हा त्या बाजूचा तपासनीस पहिल्यांदा दुकानात शिरला. शांत माणूस होता. परवाना वाचला, पुन्हा वाचला, आणि हा आमचा नाही म्हणाला. तुम्ही दारात जाऊन समोरची पाडलेली इमारत दाखवलीत. तुमच्या त्या मोडक्या अरबीत सांगितलंत की दुकान तेच, माणूस तोच, यंत्रंही तीच. तो म्हणाला, "दुकान तेच असेल. पण तू रस्ता ओलांडलास." मग त्याने दाराला सील लावलं. आत अख्ख्या मोहल्ल्याचे ईदचे थोब लटकत होते.

तुम्ही बाहेर आलात. पदपथावर उभे राहिलात. गिऱ्हाइकं येत होती, दार बघत होती, तुमच्याकडे बघत होती. मागच्या गल्लीतले ते म्हातारे, ज्यांना आपण नुसतं शेख म्हणायचो, काठी टेकत आले. सगळी हकीकत ऐकून घेतली आणि विचारलं, "सदीक, दोस्ता, मग मी ईदची नमाज बनियनवर पढू?" तुम्हाला हसू आलं नाही. तेव्हा त्यांनी यल्ला, चल, म्हणून तुम्हाला गाडीत घातलं. मी अरबी बोलायला म्हणून मागे बसलो, पण बोलायची वेळ माझ्यावर आलीच नाही. जुन्या बलदियात सांगितलं, हे दुकान आता आमच्या हद्दीत नाही. नव्या बलदियात सांगितलं, आमच्या नोंदीत अजून नाही. दोघांचंही बरोबर होतं. शेखांनी नव्या बलदियातल्या साहेबांसमोरची खुर्ची ओढली, बसले, आणि तुमच्याकडे बोट करून विचारलं की हा माणूस आत्ता कुठल्या शहरात उभा आहे तेवढं मला सांगा. साहेब हसले. तपासनिसाला बोलावून म्हणाले, असरच्या नमाजनंतर दार उघड, गिऱ्हाइकांचे कपडे काढून देऊ दे, पुन्हा बंद कर. बाकीचं ईदनंतर.

ती संध्याकाळ मी विसरलो नाही. तुम्हाला अरबी वाचता येत नव्हतं, म्हणून कॉलरच्या आत तुम्ही दोरा घालायचात, गल्लीप्रमाणे. मशिदीमागची गल्ली लाल, शाळेकडची हिरवी, मोठ्या रस्त्यावरची घरं निळी, आणि त्यात घराप्रमाणे टाके. धाकटा आतून रंग ओरडत होता आणि तुम्ही पदपथावर त्या त्या गल्लीतल्या माणसाला पुढे बोलावत होतात. तपासनीस दाराशी उभा होता. त्याचाही एक थोब निघाला तेव्हा सगळी गर्दी हसली, तो पण हसला. तुमच्या हिशेबात तो हिरव्या गल्लीतला होता.

शेवटचा थोब गेल्यावर त्याने विचारलं, झालं? तुम्ही म्हणालात, झालं. दार पुन्हा बंद झालं. आपल्या तिघांचे ईदचे कुर्ते आतच होते, इस्त्री करून, घडी घालून. मी त्यांची आठवण केली तेव्हा तुम्ही म्हणालात, "गिऱ्हाइकांचे म्हणाले होते साहेब." ईदच्या सकाळी तुम्ही कामाच्याच शर्टात नमाजला गेलात. परत येताना मला राहवलं नाही. म्हटलं, अब्बा, हलवण्याआधी बलदियाला एकदा विचारायला हवं होतं. तुम्ही चालता चालता विचारलंत, "तुला ठाऊक होतं?" मी नाही म्हटलं. "मग गप चाल."

ईदनंतर परवाना झाला. दुकान चालू राहिलं. त्यानंतर काही वर्षांनी तुम्ही आजारी पडलात, तेही दुकानातच, वाफेच्या यंत्राजवळ. हॉस्पिटलमध्ये सोलापूरच्या एक सिस्टर होत्या, त्या तुमच्याशी मराठीत बोलायच्या आणि तुम्ही त्यांना दर वेळी सांगायचात की पुढच्या वर्षी कायमचा गावी जाणार आहे. ते पुढचं वर्ष आम्ही लहानपणापासून ऐकत होतो. अम्मीने त्यावर बोलणं कधीच सोडून दिलं होतं. शेवटच्या दिवशी आम्ही दोघं शेजारी होतो. तुम्ही डोळे उघडलेत, धाकट्याकडे बघितलंत आणि विचारलंत, "दुकान उघडलं का?" तो म्हणाला, उघडतो अब्बा. तेच तुमचे शेवटचे शब्द.

तेव्हापासून तो उघडतो आहे. त्याला ती वसीयत वाटली. त्याच्या हाताखाली दोन माणसं आली आणि गेली, दोऱ्यांच्या जागी छापील चिठ्ठ्या आल्या, जवळ मेट्रोचं स्टेशन झालं, फळवाला खुरूज, म्हणजे कायमचं परतायचा शिक्का, घेऊन केरळला गेला, शेख वारले. धाकट्याला साखर आहे, गुडघे गेले आहेत, आणि दिवसभर वाफेत उभं राहायचं. त्याची बायको गावी आहे. घर बांधून झालं, वरचा मजलाही झाला. ती मला फोन करते, त्याला करून उपयोग नाही म्हणून. मागच्या महिन्यात म्हणाली, "भाईजी, दर दोन वर्षांनी भिंतींना रंग देते मी. भिंतीच बघायच्या का आम्ही?" हे मी त्याला जसंच्या तसं सांगितलं. त्याने इस्त्री थांबवली नाही. म्हणाला, "अब्बांनी शेवटी काय विचारलं होतं, तू होतास ना तिथे?"

होतो. पण मी माणसांचे शब्द उतरवून पोट भरतो, अब्बा, आणि ते वाक्य मी इतक्या वर्षांत पुष्कळदा तपासून पाहिलं आहे. त्यात उघड असं नाही. कायम चालू ठेव असं नाही. सकाळ झाली होती, आम्ही दोघंही तुमच्या उशाशी बसलो होतो, आणि तुम्ही रोज विचारायचात तेच विचारलंत. मला वाटतं, तुम्ही फक्त विचारलं होतं. खात्री करून घ्यायला दुसरा माणूस नाही, म्हणून मी हे कधी त्याला सांगितलेलं नाही. आणि हे पत्रही कुठे टाकायचं नाहीच. काल नव्या विभागांचा नकाशा उघडला होता तेव्हा तुमचं कब्रस्तानही पाहिलं. ते आपल्या दुकानाच्या विभागात नाही.

आता नव्या विभागाने या रस्त्यावरच्या सगळ्या दुकानांची नव्याने तपासणी ठेवली आहे. पाटी कशी असावी, दर्शनी भाग कसा असावा, वाफेचा पाइप पदपथावर सुटता कामा नये, हे सगळं लेखी आलं आहे. धाकट्याने ते माझ्याकडून दोनदा वाचून घेतलं. मी एक शब्द कमी केला नाही की जास्त. पाटी नवी केली, दार रंगवलं. पाइप मागच्या भिंतीतून काढायला घरमालक तयार नाही, म्हणून तो वर वळवला आहे. ते चालेल असं काही जण म्हणतात, काही जण नाही म्हणतात. कफील वारल्यावर त्याचा मुलगा कफील झाला. तो बोलायला चांगला आहे, पण त्याने स्पष्ट सांगितलं आहे की या वेळी झालं तर झालं, नाहीतर खलास, तो तिथे कॉफीचं दुकान काढणार आहे. म्हणजे तपासणीत दुकान पास झालं तर धाकटा इथे राहील, त्याचे पाय साथ देतील तोवर. नाही झालं तर त्याला गावी जावं लागेल, आणि तुम्ही दिलेलं काम आपण सोडलं असं त्याला म्हणावं लागणार नाही.

रविवारी दुपारी, जुहरच्या नमाजनंतर, तपासनीस यायचा आहे. निकाल त्याच दिवशी फोनवर येतो असं कळतं. ते मात्र अजून एकाच माणसाने सांगितलं आहे. धाकट्याने गावी फोन करून सगळ्यांना दुआ करायला सांगितली आहे. काल संध्याकाळी मी निघालो तेव्हा त्याने मलाही विचारलं, भाई, तू करतोयस ना? मी हो म्हटलं. अब्बा, मी अजून केलेली नाही.