हिरव्या चाफ्याचा वास

बाबा,

पेरुंगुडीच्या आमच्या बाल्कनीत कुंडीतला हिरवा चाफा या आठवड्यात पहिल्यांदा फुलला, आणि तुम्ही मला कळला होता या समजुतीचा बोऱ्या वाजला. आवडी गावातल्या फॅक्टरीच्या क्वार्टरच्या फाटकावर तुम्ही हाच वेल चढवला होता. शेजारच्या तमिळ मामी त्याला मनोरंजिदम म्हणायच्या. याला साप येतात, काढून टाका, असं बजावायच्या आणि फूलही मागून न्यायच्या. "मनसुल नेनच्च पळम मणक्कुम," मनात आणाल त्या फळाचा वास येतो, हे त्यांनीच तुम्हाला सांगितलं. तेव्हापासून तुमचा नेमच झाला. पिकून पिवळं झालेलं फूल माझ्या मुठीत द्यायचं, डोळे मिटायला लावायचे आणि विचारायचं, "बोल, कसला?" मी कधी पेरू म्हणायचे, कधी फणस.

आठवीत असताना एकदा मी "हापूस" म्हणाले. कोकणातला माणूस, खूश होईल, एवढंच डोक्यात होतं. तुम्ही फूल माझ्या हातातून काढून घेतलंत. "हापूस कधी खाल्लास तू? आपल्याकडे बंगनपल्ली येतो. जो वास आला नाही तो सांगायचा नाही. मला तर मुळीच नाही." फॅक्टरीत माल पास-नापास करणारे तुम्ही, मलाही नापास केलंत. पुन्हा कधी फूल दिलं नाहीत. खात्री नसलेलं वाक्य अजून माझ्या तोंडून निघत नाही. ऑफिसात मला तुसडी समजतात.

काल आई फूल हुंगून सहज म्हणाली, "ह्यांना कुठला यायचा वास? लहानपणी टायफॉईड झाला तेव्हाच नाक गेलं. भात करपला तरी कळायचं नाही. तुला सांगू नको म्हणाले होते."

मग त्या सगळ्या सकाळी तुम्ही काय करत होता, बाबा? माझ्या नाकाने वास घेत होता? हापूस म्हटल्यावर क्षणभर तरी तुम्हाला खरं वाटलं होतं का? माझा हापूस खोटा, मग तुमचं लपवणं काय होतं? रागवावं म्हटलं तर रडू येतं, रडायला बसले की राग येतो. सांगितलं असतंत तर मी रोज नीट, सावकाश सांगितलं असतं. हे कुठे पाठवायचं नाही, म्हणून तर एवढं विचारतेय.

आई माझ्याकडे बघत होती. "तुला ठाऊक नव्हतं?"

"होतं की," मी म्हणाले. तिला बरं वाटलं. तुम्ही गेल्यापासून तुमच्याबद्दल मी बोललेलं हे पहिलं खोटं.