दोन्ही पंगतींना बसलेला माणूस

कवठे महांकाळ,
रविवार, दुपार

प्रिय मित्र सुभेदार गुंडा यास,

अजितकुमारचा जय जिनेंद्र आणि राम राम. (तुला दोन्ही चालतात, आणि दोन्ही चालणाऱ्या माणसांबद्दलच हे पत्र आहे.) तिकडे साताऱ्यात थंडी कशी आहे? तुझा गुडघा काय म्हणतो? राहीवहिनींनी साखर बंद केल्यापासून तुझी साखर उतरली का? फोनच केला असता, पण तुझा फोन वहिनी उचलतात, स्पीकरवर ठेवतात, आणि मग तू साहेबांपुढे उभा असल्यासारखा बोलतोस. विषय नाजूक आहे, म्हणून पत्र.

आमच्या दीपालीचा साखरपुडा तू डोळ्यांनी पाहिलास. दोन्हीकडची, घरच्यांसकट, मोजून शंभर माणसं. आमच्यात सूर्यास्तानंतर न जेवणारे बरेच, म्हणून पहिली पंगत उन्हं असताना बसली. बाकीच्यांसाठी दुसरी दिवे लागल्यावर, आणि जिलेबी फक्त दुसरीला. दारात उभा राहून मी प्रत्येकाला विचारत होतो, की आधी जेवणार की नंतर. लोक एक काहीतरी सांगत होते. तू म्हणालास, "व्हय." त्या वेळी मी हसलो. आता हसू येत नाही.

दुसऱ्या दिवशी ऋषिराजचा फोन आला. (ऋषिराज म्हणजे माझा मेहुणा. सोयरिकीतला मध्यस्थ तोच. कोणताही निरोप तो स्वतःच्या शब्दांत सांगतो, आणि त्याचे शब्द निरोपापेक्षा वाईट असतात.) तो म्हणाला, सांगलीची मंडळी नाराज आहेत. नवऱ्या मुलाच्या, म्हणजे अरिहंतच्या, आत्या सुलाबाई, ज्यांच्या शब्दाबाहेर त्या घरात चहासुद्धा उकळत नाही, त्या म्हणाल्या आहेत, "आमच्यातलं एक माणूस उपाशी राहिलं." याचा उलगडा होईपर्यंत लग्नाची तारीख धरायची नाही. गड्या, माझे हातपाय गार पडले. मुलीच्या साखरपुड्याला पाहुणा उपाशी, हे ऐकून गुणमाला माजघरात गेली ती तासभर बाहेर आली नाही.

मी मात्र हिशेबाचा माणूस. (तीस वर्षं बेदाणे मोजले आहेत.) आचाऱ्याला विचारलं. पहिल्या पंगतीला साठ पानं उठली, दुसरीला पन्नास. मी दोन्हींची बेरीज केली आणि गार पडलेले हातपाय गरम झाले. शंभर माणसांत एकशेदहा पानं! म्हणजे कुठलाही पाहुणा जेवलेला असण्याची शक्यता एकशेदहा टक्के. एवढी खात्री मला स्वतःच्या जन्मतारखेचीही नाही. हे मी ऋषिराजला कळवणार, तेवढ्यात दीपालीनं फोन माझ्या हातातून काढून घेतला.

ती सांगलीत बारावीच्या मुलांना गणित शिकवते, हे तुला ठाऊक आहे. ती म्हणाली, "बाबा, शक्यता शंभराच्या वर जात नाही. तुम्ही काही माणसं दोनदा मोजलीत." मग तिनं हातातल्या दोन हिरव्या बांगड्या उतरवल्या आणि टेबलावर एकीची कड दुसरीवर येईल अशा ठेवल्या. एक बांगडी पहिली पंगत, दुसरी बांगडी दुसरी पंगत. माझ्याच पोत्यातले बेदाणे घेऊन तिनं ते आत मांडले. काही बेदाणे दोन्ही बांगड्यांच्या आत पडले. डोळे मिटून कुठलाही पाहुणा उचलायचा, तो पहिल्या किंवा दुसऱ्या पंगतीला जेवलेला असण्याची शक्यता काढायची, तर साठ टक्के अधिक पन्नास टक्के, आणि त्यातून हे मधले एकदा वजा. ‘की’ म्हटलं तर दोन्हींतलं एकच, पण ‘किंवा’ म्हटलं की त्यात दोन्हीकडचेही आले.

गुंडा, मी त्या मधल्या बेदाण्यांकडे किती वेळ बघत राहिलो सांगता येत नाही. मी विचारलं, वजा केले तर ते बिचारे गेले का? ती म्हणाली, नाही, दोनदा आले होते, एकदा वजा केले म्हणून एकदाच राहिले. दोनदा वजा केले असते तर जेवूनही नाहीसे झाले असते. माणूस नेमका एकदाच असावा यासाठी कुणीतरी अशी वजाबाकी शोधून ठेवली आहे, हे मला साठीत कळलं. देवळात गेल्यासारखं वाटलं. समजावताना तिचा आवाज वर्गातल्यासारखा होता, पण बांगड्या परत घालताना एक तिच्या हातून दोनदा निसटली.

मग दोनदा जेवलेल्यांचा शोध लागला. आमच्या धाकट्यानं, आर्जवनं, जिलेबीसाठी दुसरीला बसल्याचं कबूल केलं, त्याच्या मित्रांनीही केलं. भरले दहा. एकशेदहातून दहा गेले, राहिले बरोबर शंभर. कुणीही उपाशी नाही! मी टाळी वाजवणार, तर दीपालीच्या चिमटीत एक बेदाणा तसाच. ती म्हणाली, "हे गुंडाकाका. यांचं अजून विचारलं नाही." तो मध्ये पडला तर अकरा वजा, राहिले नव्व्याण्णव, आणि आमच्या दारातून एक माणूस खरंच उपाशी गेलं.

तेव्हा माझ्या मुलीचं लग्न तुझ्या पोटात आहे. कळव.

तुझा,
अजितकुमार

ता. क. १ : खरं सांगायचं तर मला उत्तर नको, विशिष्ट उत्तर हवं आहे. "मी एकदाच जेवलो" एवढं लिही, मी ते सांगलीला दाखवतो. (हे दीपालीला कळवू नकोस.)

ता. क. २ : पाकीट चिकटवण्याआधी गुणमालेनं विचारलं, त्या दिवशी तुम्ही कुठल्या पंगतीला बसला होतात? मी आठवू लागलो. पहिलीला वाढत होतो. दुसरीला सूर्य मावळला होता. शंभरात मीही होतो, गड्या, आणि दोन्ही बांगड्यांच्या बाहेर होतो.

ता. क. ३ : मी धीर करून सुलाबाईंना स्वतः फोन लावला. त्या म्हणाल्या, "आवं, ‘आमच्यातलं’ कुठं म्हणलं मी? ‘आपल्यातलं’ म्हणलं. तुमीच उपाशी ऱ्हायलासा की. मुलीच्या बापाला उपाशी ठिवून तारीख कशी धरायची?" उद्या उन्हं असताना त्या डबा घेऊन येत आहेत. माझ्यासमोर बसून मला वाढणार, आणि मगच तारीख. ऋषिराजनं एक शब्द बदलला होता, आणि त्या बाईनं मला केव्हाच त्यांच्यात मोजलं होतं.

ता. क. ४ : म्हणजे उपाशी एकच, म्हणजे दोनदा जेवलेले अकरा, म्हणजे तू. उत्तराची गरज उरली नाही. राहीवहिनी, पत्र आधी तुमच्या हाती पडणार हे मी धरूनच चाललो आहे, तरी जिलेबीवरून त्याला बोलू नका. लग्नाला दोघं या. गुंडा, तू दोन्ही पंगतींना बस. मी तुला दोनदा मोजीन आणि वजा एकदाच करीन.